दगडाची साक्ष आणि वाळूची साक्ष

ठाण्याच्या मानपाड्याहून पश्चिमेकडे दृष्टी टाकली म्हणजे येऊरच्या डोंगरांची जी हिरवी भिंत समोर उभी राहते, तिच्या पलीकडच्या अंगास कान्हेरीची लेणी आहेत. अंतर फारसे नाही. परंतु मध्ये राष्ट्रीय उद्यानाचे अरण्य असल्यामुळे ठाणेकरास मोठा वळसा घालून बोरिवलीच्या बाजूने तेथे जावे लागते. प्रस्तुत लेखक गेली पुष्कळ वर्षे आपल्या विद्यार्थ्यांस घेऊन या वळशाने जात आला आहे. चैत्यगृहापुढे उभे राहून सातवाहनांची वंशावळ सांगावी, स्तंभांवरील मूर्तींकडे बोट दाखवावे, विरक्त भिक्षूंच्या ध्यानमग्न जीवनाविषयी चार वाक्ये बोलावी आणि पाण्याच्या टाक्यापाशी शिदोरी सोडावी, हा आमचा ठरलेला क्रम. काही वर्षांपूर्वी एका विद्यार्थ्याने या क्रमात खंड पाडला. तो येऊरच्याच बाजूच्या एका पाड्यावरून महाविद्यालयात येत असे व एरवी फारसा बोलत नसे. माझे व्याख्यान संपल्यावर त्याने इतकेच विचारले, "सर, एवढ्या भिक्षूंना भात कोण घालत होते?"

प्रश्न साधा होता. पण त्याचे उत्तर माझ्यापाशी नव्हते. "कल्याण-सोपाऱ्याचे व्यापारी दान देत," असे काहीतरी सांगून मी वेळ मारून नेली. व्यापारी पैसे देत, हे खरे. परंतु पैसा शिजत नाही. घरी आल्यावर लेण्यांवरील जे ग्रंथ मी वर्षानुवर्षे प्रमाण मानून वापरीत आलो होतो, ते याच एका प्रश्नाचा दिवा हाती धरून पुन्हा वाचावयास घेतले. त्या वाचनातून जे हाती लागले आणि जे लागले नाही, त्या दोहोंचा हिशेब येथे मांडावयाचा आहे.

लेण्यांविषयी आपल्याकडे जे लेखन होते, त्याचा मोठा भाग सौंदर्यवर्णनपर असतो. निर्जन डोंगर, संथ झरे, संसारास पाठमोरे झालेले यती आणि त्यांच्या शांतीचे पाषाणात उमटलेले प्रतिबिंब, असे हे चित्र असते. ते सर्वस्वी खोटे आहे असे नाही. मात्र हे चित्र रंगविणारा लेखक लेण्यांकडे पाहतो तो ती ओसाड झाल्यानंतरच्या अवस्थेत. आज तेथे जी निर्जनता आहे, ती तो दोन हजार वर्षे मागे नेऊन लावतो. कान्हेरीस शंभराहून अधिक लेणी आहेत; बहुतेकांना स्वतःचे पाण्याचे टाके, बसावयास बाक, निजावयास ओटा; एका लेण्यातून दुसऱ्याकडे जावयास खडकात खोदलेल्या पायऱ्या; पावसाचे पाणी टाक्यात आणून सोडणारे पन्हळ. ही सर्व व्यवस्था एका नांदत्या वसाहतीची आहे. येथे माणसांची वर्दळ होती, हिशेब होते आणि क्वचित भांडणेही झाली असतील, ही गोष्ट केवळ सौंदर्यदृष्टीने पाहणाऱ्यास सुचत नाही.

या स्वप्नाळू वृत्तीवर उतारा म्हणजे कोरीव लेखांचा अभ्यास. महामहोपाध्याय वा. वि. मिराशी यांचा 'सातवाहन आणि पश्चिमी क्षत्रप यांचा इतिहास आणि कोरीव लेख' हा १९७९ चा मराठी ग्रंथ आणि शोभना गोखले यांचा कान्हेरीच्या लेखांवरील, पुण्याच्या डेक्कन कॉलेजाने १९९१ मध्ये प्रसिद्ध केलेला इंग्रजी ग्रंथ, ही या अभ्यासाची दोन भक्कम फळे होत. मिराशींच्या ग्रंथाची योजना राजवंशांच्या अनुरोधाने केलेली आहे. कोण कोणाचा पुत्र, कोणत्या राजाचे कितवे वर्ष, कोणती राणी कोणत्या महाक्षत्रपाची कन्या, या गुंत्यांची त्यांनी केलेली उकल आजही विद्यार्थ्याने मुळातून वाचावी अशीच आहे. परंतु या योजनेचा एक परिणाम असा होतो की, लेख हे राजाचा काळ ठरविण्याचे साधन बनतात आणि ज्याने दान दिले तो मनुष्य टिपेत जातो. गोखल्यांच्या ग्रंथात दृष्टी राजवंशावरून स्थळाकडे वळते. एकाच डोंगरावरील निरनिराळ्या शतकांतील लेख एकत्र वाचावयास मिळाल्यामुळे, एका वसाहतीचे सुमारे हजार वर्षांचे आयुष्य डोळ्यांपुढे उभे राहते. कान्हेरीच्या एका कड्याखाली दिवंगत स्थविरांच्या स्मरणार्थ बांधलेल्या विटांच्या स्तूपांची जी रांग आहे, तेथील लेखांकडे त्यांनी विशेष लक्ष पुरविले आहे. भिक्षूही मरत आणि मागे राहिलेले भिक्षू त्यांची नावे जपून ठेवीत, ही गोष्ट त्या लेखांवरून जितकी मनास भिडते तितकी कोणत्याही धर्मग्रंथावरून भिडत नाही.

हे लेख वाचावयास बसले म्हणजे प्रथम डोळ्यांत भरते ती दात्यांची विविधता. कल्याणचा सामिदत्त नावाचा सोनार पाण्याचे टाके देतो. कल्याणचाच नंद नावाचा लोहार एक वाट करवून देतो. चौलच्या सराफाचा मुलगा, नाशिकचा गृहस्थ, सोपाऱ्याचा व्यापारी, प्रव्रज्या घेतलेल्या भिक्षुणी, अशी ही मंडळी आहेत. कोणी शेत लावून देतो व त्याच्या उत्पन्नातून भिक्षूंच्या चीवराची तरतूद करतो. नवव्या शतकात शिलाहारांच्या अमलात तर गौड देशाहून, म्हणजे बंगालमधून, आलेला एक उपासक येथे शंभर द्रम्मांची ठेव ठेवतो. आणि अकराव्या शतकाच्या प्रारंभी, १००९ व १०२१ या वर्षी, लेणी पाहावयास आलेले पारशी गृहस्थ आपली नावे पहलवी लिपीत खडकावर कोरून जातात. कल्याणच्या सोनाराच्या टाक्यापासून या पारशी प्रवाशांच्या सह्यांपर्यंतचा हा सर्व पट एका डोंगरावर आहे.

या पटाचा अर्थ लावण्याचा सर्वांत धीट प्रयत्न दामोदर धर्मानंद कोसंबी यांनी केला. वडील धर्मानंद यांनी पाली ग्रंथांतून बुद्ध मराठी वाचकांपुढे आणला. पुत्र दामोदर यांनी त्याच बुद्धाच्या अनुयायांचा माग घाटांतील पायवाटा तुडवून घेतला. १९५६ चा त्यांचा भारतीय इतिहासाच्या अभ्यासाची प्रस्तावना करणारा ग्रंथ आणि १९६२ चा 'मिथ अँड रिअ‍ॅलिटी', हे दोन्ही वाचल्यावर लेण्यांकडे पूर्वीच्या डोळ्यांनी पाहणे शक्य राहत नाही. लेणी निर्जन स्थळी नसून घाटमाथ्याकडे जाणाऱ्या व्यापारी मार्गांच्या नाक्यांवर आहेत. विहार हे व्यापाऱ्यांस आसरा देणारे, त्यांच्याकडून माल घेणारे आणि त्यांस भांडवल पुरविणारेही होते, असे त्यांचे प्रतिपादन आहे. त्यास आधारही बळकट आहे. नाशिकच्या लेण्यात नहपानाचा जावई उषवदात याने गोवर्धन येथील कोष्ट्यांच्या श्रेणींकडे तीन हजार कार्षापण ठेवल्याचा लेख प्रसिद्धच आहे. त्यांपैकी दोन हजारांवर दरमहा दर शेकडा एक, आणि एक हजारावर पाऊण, असे व्याज ठरलेले होते. दोन हजारांचे वर्षाचे व्याज दोनशे चाळीस होते; आणि वर्षावासास राहणाऱ्या वीस भिक्षूंस प्रत्येकी बारा कार्षापण वस्त्रासाठी द्यावे, असे लेख सांगतो. वीस गुणिले बारा म्हणजे नेमके दोनशे चाळीस! हिशेब असा चोख असताना या संस्थांस अर्थव्यवहारापासून अलिप्त समजणे हे भाबडेपणाचे ठरेल.

कोसंबींचा हा सिद्धान्त वाचून मी अनेक वर्षे भारावून गेलो होतो. आज तो पुन्हा वाचताना त्याच्या सामर्थ्याबरोबर त्याची मर्यादाही दिसते. व्यापाराचा नियम हाती आला की, त्यात न बसणारा मनुष्य नजरेआड होतो. कल्याणच्या नंद लोहाराने वाट करवून दिली, यात त्याचे कोणते भांडवल गुंतले होते? ज्या भिक्षुणी स्वतः दात्या आहेत, त्यांस कोणत्या नफ्याची अपेक्षा होती? आईबापांस पुण्य लाभावे, सर्व प्राण्यांचे हित व्हावे, असे जे हेतू लेखांत पुनःपुन्हा येतात, त्यांस केवळ शिष्टाचाराची भाषा म्हणून बाजूस सारावयाचे, तर व्याजाच्या आकड्यांस तेवढे खरे का मानावे? एकाच दगडावरील अर्धे अक्षर विश्वसनीय आणि अर्धे अविश्वसनीय, असा भेद करावयास काही वेगळा पुरावा हवा. तो कोसंबी देत नाहीत.

अमेरिकन पंडित ग्रेगरी शोपेन यांनी १९९१ च्या एका निबंधात निराळ्याच बाजूने प्रहार केला. बौद्ध धर्माचे पाश्चात्त्य अभ्यासक ग्रंथांस प्रमाण मानून कोरीव लेखांस व उत्खननास दुय्यम लेखीत आले. भिक्षूने पैशास शिवू नये असे ग्रंथ सांगतो, म्हणून भिक्षू पैशास शिवत नसतच असे त्यांनी गृहीत धरले. प्रत्यक्ष लेखांत मात्र भिक्षूच दाते आहेत, हे त्यांनी दाखवून दिले. त्यांचा आक्षेप मला मान्य आहे. तथापि ग्रंथाच्या जागी दगड बसविल्याने अडचण पुरती सुटत नाही. दगडावर नाव कोरविण्यास ऐपत लागते. ज्यास ती नव्हती, त्याचे नाव ग्रंथातही नाही आणि दगडावरही नाही. शेत दान दिल्याचा लेख आहे. त्या शेतात चिखलणी कोणी केली, रोप कोणी लावले, भात कोणी झोडला, हे लेख सांगत नाही. माझ्या विद्यार्थ्याच्या प्रश्नाचे उत्तर नेमके या गाळलेल्या जागेत होते.

कान्हेरीच्या शिलाहारकालीन एका लेखातील दानाची वाटणी येथे आठवते. विहाराच्या डागडुजीस तीन द्रम्म, भिक्षूंच्या वस्त्रांस पाच आणि पुस्तकांसाठी एक द्रम्म, असे त्यात नमूद आहे. एका द्रम्मात किती पुस्तके येत, ती ताडपत्राची होती की भूर्जपत्राची, त्यांत कोणते ग्रंथ होते? त्यांपैकी एक पानही आज शिल्लक नाही. पाच द्रम्मांच्या वस्त्रांचा एक धागा नाही. पुस्तकासाठी द्रम्म दिला, ही गोष्ट दगडावर असल्यामुळे टिकली. पुस्तक मात्र गेले. या डोंगरावर वर्षाकाठी अडीच हजार मिलिमीटरांच्या आसपास पाऊस पडतो. चार महिने ओल, नंतर ऊन, बुरशी, वाळवी. अशा हवेत लाकूड, कापड, पान, कातडे यांस शतकभराचेही आयुष्य मिळणे कठीण. कार्ल्याच्या चैत्यगृहात छताच्या लाकडी कमानी दोन हजार वर्षे टिकल्या आहेत हे खरे. परंतु त्यांच्या डोक्यावर अखंड खडकाचे छत्र आहे आणि तो अपवाद अपवाद म्हणूनच कौतुकाचा झाला आहे. आपण ज्यास प्राचीन महाराष्ट्राची संस्कृती म्हणतो, ती पुष्कळ अंशी पावसाने शिल्लक ठेवलेली संस्कृती आहे.

पाऊस नसता तर काय शिल्लक राहिले असते? या प्रश्नाचे उत्तर कल्पनेने देण्याची गरज नाही; ते वाळवंटांनी दिलेले आहे. मध्य आशियातील तकलामकान वाळवंटाच्या दक्षिण कडेस निया नावाचे एक उजाड झालेले गाव आहे. तेथे १९०१ मध्ये ऑरेल स्टाइन यांस लाकडी फळ्यांवर खरोष्ठी लिपीत लिहिलेली पत्रे सापडली. पुढच्या शोधांची भर पडून अशा लेखांची संख्या सातशेवर गेली. काळ सुमारे तिसरे-चौथे शतक, म्हणजे कान्हेरी भरभराटीत असतानाचा. आणि भाषा आपल्या वायव्येकडील प्राकृत. राजाज्ञेच्या आरंभी येणारे 'लिहति' हे क्रियापद पाहून मराठी माणसास क्षणभर आपल्याच घरचे पत्र वाचीत असल्यासारखे वाटते. टी. बरो यांनी १९४० मध्ये या लेखांचे इंग्रजी भाषांतर प्रसिद्ध केले. वाङ्मयीन डौल त्यात मुळीच नाही. तरी ज्यास लेण्यांचा अर्थ जाणून घ्यावयाचा आहे त्याने हे पुस्तक अवश्य वाचावे, असे मी आग्रहाने म्हणेन.

कारण या फळ्यांवर सारे जगणे उतरले आहे. कोणाची गाय चोरीस गेली आहे, कोणाचा उंट वाटेत मेला आहे व त्याची भरपाई कोणी द्यावी यावर तंटा आहे, द्राक्षासवाचा कर थकला आहे, कोणी शेत विकले आहे. आणि या गर्दीत श्रमणही आहेत. ते जमिनी विकत घेतात, साक्षीदार म्हणून उभे राहतात. त्यांस मुलेबाळे आहेत, दास आहेत. एका फळीवर भिक्षुसंघाचे नियमच आहेत. संघाच्या कार्यास जो गैरहजर राहील त्यास रेशमाचे एक ठाण दंड. उपोसथास न आल्यास तितकाच. गृहस्थाचा वेष करून आल्यास तितकाच. आणि एका भिक्षूने दुसऱ्यास मारल्यास माराच्या मानाने पाच, दहा किंवा पंधरा ठाणे. दंड ठरवावा लागला, याचा अर्थ अपराध घडत होते. शोपेन यांनी जे तर्काने सांगितले, ते येथे एका फळीवर लिहिलेले सापडते.

चीनच्या सरहद्दीवरील तुनहुआंगच्या गुहांत तर गुहा आणि वाळवंट यांचा योगच जुळून आला. तेथील सतराव्या क्रमांकाच्या गुहेत अकराव्या शतकाच्या सुमारास भिंत घालून बंद केलेला ग्रंथसंग्रह १९०० मध्ये वांग युआनलू या साधूच्या हाती लागला. १९०७ मध्ये स्टाइन यांनी आणि त्याच्या पुढच्या वर्षी पॉल पेलिओ यांनी त्याला अल्प द्रव्य देऊन त्यातील हजारो हस्तलिखिते युरोपात नेली. ८६८ या वर्षी छापलेले वज्रच्छेदिका सूत्र त्यांतच होते. ते आज लंडनच्या ब्रिटिश लायब्ररीत आहे. परंतु सूत्रांइतकेच मोलाचे आहेत ते त्यांच्या संगतीस असलेले करारनामे, धान्याच्या उसनवारीच्या नोंदी आणि पत्रलेखनाचे नमुने. मेजवानीत मद्य अधिक झाल्याने हातून घडलेल्या गैरवर्तनाबद्दल यजमानाची क्षमा कशी मागावी, याचाही एक तयार नमुना त्या संग्रहात आहे! या विद्येचा जन्म एका गरीब साधूच्या अज्ञानाचा फायदा घेऊन झालेल्या व्यवहारात आहे, ही गोष्ट विद्येच्या भक्तांनी झाकून ठेवू नये. वाळूने हजार वर्षे सांभाळले ते माणसांनी काही दिवसांत विखुरले.

वाळवंटाची साक्ष आपल्या किनाऱ्यापर्यंतही येऊन पोहोचते. पहिल्या शतकातील 'पेरिप्लस' या ग्रीक प्रवासग्रंथात कल्याणचा उल्लेख आहे. पूर्वी तेथे रीतसर व्यापार चाले; पुढे अडथळे आले आणि चुकून तेथे लागलेली ग्रीक जहाजे पहाऱ्यात भडोचला नेली जात, असे तो लेखक सांगतो. पण कल्याणच्या धक्क्यावरून कोणता माल गेला, हे कल्याणच्या चिखलातून कळणे अवघड. ते कळते इजिप्तमध्ये, तांबड्या समुद्राकाठच्या बेरेनिके या बंदराच्या उत्खननात. तेथे हिंदुस्थानी सागवानाची लाकडे इमारतींत वापरलेली आढळली. सूती कापडाचे तुकडे आढळले. एका देवळाच्या आवारात हिंदुस्थानी बनावटीच्या रांजणात साडेसात किलो काळी मिरी जशीच्या तशी मिळाली. २०२२ मध्ये तेथे संगमरवरी बुद्धमूर्ती सापडली. त्याच उत्खननांत सातवाहनांची दोन नाणी आणि तिसऱ्या शतकातील रोमन सम्राट फिलिप याच्या काळचा एक संस्कृत लेखही मिळाला. अरबी समुद्रातील सोकोत्रा बेटावरच्या होक नावाच्या खोल गुहेत २००० नंतरच्या शोधात दोनशेच्या आसपास भारतीय लेख आढळले. ते बहुतेक ब्राह्मीत आहेत. भडोचकडून निघालेल्या नाविकांनी व व्यापाऱ्यांनी अंधारात दिवा धरून तेथे आपली नावे लिहिली आहेत. सागवान उगवले या किनाऱ्यावर आणि टिकले आफ्रिकेच्या वाळूत, असा हा विलक्षण प्रकार आहे.

येथे एका मोहापासून वाचकांस आणि स्वतःसही सावध केले पाहिजे. नियाच्या श्रमणांस बायकामुले होती, म्हणून कान्हेरीच्या भिक्षूंसही ती असली पाहिजेत, असे अनुमान काढणे हा शुद्ध अविचार होय. निया हे एका छोट्या राज्याचे दूरचे ठाणे. तेथील चालीरीती वेगळ्या, हवामान वेगळे, गरजा वेगळ्या. शिवाय वाळूची साक्षही निर्दोष नसते. गाव सोडताना लोकांनी जे मौल्यवान होते ते बरोबर नेले आणि जे टाकून दिले तेच आज आपणास मिळाले. आणि फळ्यांवर लिहिणारे हे बहुधा अधिकारी व लेखक, गुराखी नव्हेत. तेव्हा वाळवंट आपणास कान्हेरीची उत्तरे देत नाही. ते आपणास प्रश्न विचारावयास शिकविते. जिथे एका द्रम्माच्या पुस्तकांचा उल्लेख आहे तिथे लेखक, शाई आणि लेखणी होती. जिथे पाच द्रम्मांची वस्त्रे आहेत तिथे सूत कातणारे आणि धुणारे होते. जिथे शेत आहे तिथे नांगर धरणारा होता. हे सर्व न दिसले तरी होते, हे गृहीत धरूनच पुढचा विचार केला पाहिजे.

असा विचार करून खणल्यास पावसाळी प्रदेशातही हाती काही लागते, याचे उत्तम उदाहरण महाराष्ट्रातच आहे. पुणे जिल्ह्यात घोड नदीकाठी इनामगाव येथे डेक्कन कॉलेजाने १९६८ पासून १९८३ पर्यंत उत्खनन केले. सांकलिया, ढवळीकर आणि अन्सारी या संशोधकांनी तेथे ताम्रपाषाणयुगीन खेड्याचा शोध घेतला. ते खेडे इसवी सनापूर्वी १६०० ते ७०० या काळातले. तेथे ना शिल्प, ना शिलालेख, ना राजवाडा. मातीच्या भिंती, कुडाच्या खुणा, चुली, धान्याच्या कणग्या, जळके दाणे, पाण्याचा पाट. घराच्या जमिनीखाली दोन मडकी तोंडास तोंड लावून पुरलेली बालके. आणि घोट्याखाली पाय तोडून पुरलेली मोठी माणसे. एवढ्याशा सामग्रीवरून त्यांनी कोण काय पिकवीत होता, कोण काय खात होता, दुष्काळ पडू लागल्यावर वस्ती कशी खालावली, हे जुळवून दाखविले. दगडाचे वैभव नसलेल्या लोकांचाही इतिहास लिहिता येतो, हा धडा इनामगावने घालून दिला. तो भाग कोकणाच्या मानाने कोरडा, हे खरे. परंतु खरा फरक संशोधकांनी विचारलेल्या प्रश्नात होता. लेण्यांच्या अभ्यासकांनी आजवर मूर्ती आणि अक्षरे पाहिली. टाक्यांच्या तळचा गाळ, पन्हळांत साठलेली माती, ओसरीबाहेरच्या चुलींची राख, तीत दडलेले परागकण आणि भाताचे तूस यांच्याकडे तितके लक्ष गेलेले नाही. भात कोणी घातला, याचे उत्तर मिळालेच तर तेथे मिळेल.

आता मानपाड्याकडे परत वळू. या गावाच्या नावातच पाडा आहे. आज येथे उंच इमारती उभ्या आहेत. पण डोंगराच्या कुशीत येऊरच्या बाजूस वारल्यांचे पाडे अजून आहेत. त्यांची पारंपरिक घरे कारवीच्या कुडाची. वर शेणमातीचा लेप. लग्नकार्यात त्या भिंतीवर तांदळाच्या पिठाने काढलेला चौक. कुड कुजला की तो पुन्हा विणावयाचा, भिंत खचली की चित्र तिच्याबरोबर जावयाचे आणि पुढच्या लग्नात नव्याने काढावयाचे. पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेली ही कला अशी आहे की, तिचा एकही जुना नमुना जमिनीत सापडू नये. कान्हेरीच्या उतारावर सातवाहनांच्या काळात असेच पाडे होते काय? असल्यास त्यांचा लेण्यांशी संबंध कोणता होता? याविषयी पुरावा नसताना विधान करणे इष्ट नाही. परंतु पुरावा नाही म्हणून लोकच नव्हते, असे विधानही तितकेच निराधार आहे. आणि आम्ही शिकलेल्या मंडळींनी हे दुसरे विधान, शब्दांत नसले तरी वृत्तीत, सदैव केलेले आहे. मी स्वतः विद्यार्थ्यांस सांगत असे की, डोंगराच्या त्या बाजूस संस्कृती आणि या बाजूस नुसते रान. ते ऐकत असता त्या रानातूनच आलेला एक मुलगा माझ्यासमोर उभा होता, ही जाणीव मला फार उशिरा झाली.

या विषयाची निकड आता अधिकच वाढली आहे. मानपाड्याजवळच्या टिकुजिनी वाडीपासून बोरिवलीपर्यंत, याच डोंगराच्या पोटातून, सुमारे बारा किलोमीटरांच्या जोडबोगद्याचा मार्ग ठरला असून २०२४ च्या जुलैत त्याचे भूमिपूजन झाले. तो पुरा झाल्यावर ठाणेकराचा कान्हेरीचा वळसा वाचेल आणि त्याबद्दल मी तक्रार करणार नाही. ज्या डोंगरात छिन्नीने चैत्य खोदला गेला, तो डोंगर यंत्रास नवा नाही. मात्र हजार वर्षांनंतरच्या संशोधकास आमच्या काळाचा पुरावा म्हणून हा बोगदा निश्चित सापडेल आणि पाडे सापडणार नाहीत, एवढे आजच सांगता येते. दगड आपली काळजी स्वतः घेतो. ज्या गोष्टी पावसापुढे टिकत नाहीत, त्या लिहून ठेवल्यानेच टिकतील. ठाण्या-कल्याणच्या महाविद्यालयांतील इतिहासाच्या अध्यापकांनी दरसाल एक सहल लेण्यांकडे न्यावी तशी एक पाड्यांकडेही न्यावी. घराची बांधणी, भाताच्या जाती, रानभाज्या, चौकाची आकृती, जागेची आणि झऱ्यांची नावे यांची नोंद त्या त्या पाड्यातील विद्यार्थ्यांच्या हातूनच करवावी, आणि ती महाविद्यालयाच्या ग्रंथालयात गोखल्यांच्या ग्रंथाशेजारी ठेवावी, अशी माझी सूचना आहे.

त्या विद्यार्थ्याच्या प्रश्नाचे पुरते उत्तर मला अजूनही देता येत नाही. पण आता कान्हेरीस गेलो म्हणजे वंशावळीपासून आरंभ करीत नाही. सामिदत्त सोनाराच्या टाक्याची आणि नंद लोहाराच्या वाटेची गोष्ट आधी सांगतो आणि मग मुलांस विचारतो की, या टाक्याचे पाणी पिऊन, या वाटेने वर येऊन, येथे धान्य कोणी आणून टाकले असेल. मुले प्रथम गप्प राहतात. मग हळूहळू एकेक जण बोलू लागतो.